तीन फूट कमी

“तीन साखळ्याऽ, आठ आणेऽऽ!”

हाक मैदानाच्या त्या टोकाहून आली होती. दिग्रसच्या शाळेमागचा माळ, पौषातलं ऊन, आणि भाला रुतला होता तिथं उकिडवा बसलेला भिया, जमनीचा थोरला भाऊ भावसिंग, तोंडाशी दोन्ही हातांचा कर्णा करून ओरडणारा. हाक वाऱ्यावर डुलत आली. शेवटचा ‘आणे’ लांबला, तांड्यावर गुरं वळवताना लांबतो तसा. सत्तावन्न साल लागायला तेव्हा थोडेच दिवस होते. आता सहासष्ट. मधल्या नऊ वर्षांत जमनीनं ती हाक भाकरी थापताना ऐकली, शाळेची घंटा बडवताना ऐकली, तापात ऐकली. याडीचा, तिच्या आईचा आवाज कसा होता तेही आता धड आठवत नाही. ही हाक मात्र कोरी राहिली, कारण इतक्या लांबून, इतक्या मोठ्यानं, साऱ्या लोकांदेखत तिच्याबद्दल कोणी काही ओरडलं होतं ते तेवढंच. पैशातले आणे नव्हेत हे. शेत मोजायच्या लोखंडी साखळीचे सोळा भाग असतात, त्यांना आणे म्हणतात. भाला जमनीनं फेकला, साखळी भियानं ओढली, आणि पुंडलिकराव गुरुजींनी मांडीवरच्या वहीत लिहिलं, एकशे बारा फूट. पुण्याच्या सामन्याला जायला एकशे पंधरा लागत होते.

आज सकाळपर्यंत त्या हाकेत काही खोट नव्हती. यवतमाळच्या ज्या मुलींच्या शाळेत जमनी शिपाईबाई होती तिथं परीक्षेआधीचे खेळ दोन दिवसांवर आले होते, आणि ती फक्कीची बादली घेऊन मैदानावर रेघा आखत होती. खेळाच्या बाई विमलताई, नव्या, अमरावतीहून आलेल्या, कातडी डबीतली कोरी टेप घेऊन आल्या. एका बाजूला मीटर, दुसऱ्या बाजूला फूट. तहसिलीत सगळं मीटरवर गेल्यामुळं जुन्या साखळ्या मोडीत निघाल्या होत्या, त्यातली एक शाळेनं दोरीऐवजी चालेल म्हणून उचलून आणली होती. ती जमिनीवर ताणून विमलताईंनी तिच्या अंगाला अंग लावून टेप पसरली आणि वाकून वाचलं, “तेहतीस.”

“बत्तीस असंन, बाई. नीट पाहा,” जमनी बोलून गेली.

“तेहतीस गं. हे बघ की.”

“सोळा आणे हायेत. दोन फुटाचा एक आणा. सोळा दुणे बत्तीस.”

विमलताई हसल्या. “आणि प्रत्येक आण्यावर पाऊण इंच जास्ती आहे, तो काय तुझा मामा धरणार? माझे वडील पटवारी होते. शेताची साखळी तेहतीसचीच. शाळेचं तोंड न पाहिलेल्या साखळीवाल्या गड्याला झोपेतून उठवून विचार, तेहतीसच सांगेल.” आणि त्या टेप गुंडाळत पोरींकडं निघून गेल्या. जमनी पुन्हा फक्कीला वाकली. लांब उडीची रेघ होती ती, सुतासारखी हवी. मूठ सैल करायची, पाऊल टाकायचं, मूठ सैल करायची. साडेतीन साखळ्या. दर साखळीमागं एक फूट. म्हणजे साडेतीन फूट वर. एकशे बारा आणि साडेतीन. तिनं ती बेरीज एकदा केली, परत केली, मग बोटांच्या पेरांवर केली, जशी लहानपणी कळपातली करडं मोजायची. एकशे पंधरा फूट आणि वर सहा इंच. लागत होते त्याहून सहा इंच जास्तच. मागं वळून पाहिलं तर रेघेला बाक आला होता. तिनं ती पायानं पुसली. पुसलेल्या जागी माती पांढुरकी राहिली आणि नवी रेघ तिथं उठेना.

पहिला राग गुरुजींवर आला. मेलेल्या माणसावर राग येणं किती सोपं. तो समोरून काही म्हणत नाही. गुरुजींनीच तर तिला नाल्याच्या काठी पाहिलं होतं. बकरी पल्याडच्या पराटीत शिरली होती, कपाशी कुणब्याची, बोंडं फुटलेली, आणि नाल्याला पाणी. जमनीनं हातातली काठी खांद्यामागून भिरकावली. काठी नाला ओलांडून गेली आणि बकरीच्या नाकापुढं दोन बोटांवर मातीत उभी घुसली. बकरीला मारायचं नव्हतंच, नुसतं थांबवायचं होतं. सायकलवरून चाललेल्या गुरुजींनी पाय टेकला. “पोरी, पुन्हा फेक बरं.” जमनीला वाटलं, कपाशीवाल्याचा माणूस आहे, ती बकऱ्या सोडून तांड्याकडं पळाली. गुरुजी सायकल हातात धरून तिच्या मागं चालत आले, काटेरी वाटेनं, धोतर आवरत. बा बाबुलाल खाटेवर बसला होता. त्याला वाटलं, सरकारी माणूस आला, आता बकऱ्या कोंडवाड्यात जाणार. अर्धा घंटा एक माणूस भाल्याबद्दल बोलत होता आणि दुसरा बकऱ्यांबद्दल हात जोडत होता. भियानंच मग उलगडा केला. तो दोन साल पटवाऱ्याची साखळी ओढत होता, त्याला बाहेरच्या माणसांचं बोलणं कळायचं. “बा, बकरीचं नाही म्हणत ते. आपली जमनी चांगली फेकते म्हणतात.” बा हसला होता. “फेकते त फेकते. पैदा झाली तवापासून काहीतरी फेकूनच राह्यली.”

तेव्हा तिला सतरावं होतं. भियानं तिला रोज संध्याकाळी शाळेच्या माळावर न्यायचं कबूल केलं, म्हणून बानं जाऊ दिलं. बांबूचा भाला, टोकाला लोहारानं बसवलेलं पातं. गुरुजी पुस्तकात पाहून सांगायचे, कोपर कानाजवळून गेलं पाहिजे, डोळे टोकावर. ते सगळं तिच्या अंगाला आधीच माहीत होतं; पुस्तकाला नंतर कळलं असावं. धावत येताना घागऱ्याचा घेर गुडघ्यांना गुंतायचा, मग तिनं तो काचा मारून खोचला, आणि तांड्यातल्या बाया पदराआड हसल्या. पण भाला सुटायच्या क्षणी जे व्हायचं ते तिनं कोणाला सांगितलं नव्हतं. खांद्यातून काहीतरी निघून जायचं. अंग हलकं व्हायचं, आणि भाला हवेत असेस्तोवर ती कोणाची पोरगी नसायची, कोणाची बहीण नसायची, कोणाला द्यायची नसायची. तो मातीत शिरला की परत सगळं यायचं. तेवढ्या तीन-चार श्वासांसाठी ती रोज दोन कोस चालायची.

छप्पनच्या कार्तिकात वऱ्हाड मुंबई राज्यात गेलं आणि पुण्याहून पत्र आलं, नव्या राज्यातल्या मुलींचे सामने, भाल्याला किमान एकशे पंधरा फूट, गुरुजींनी मोजून सही करून पाठवावं. पत्र गुरुजींनी तांड्यावर आणून वाचून दाखवलं. एकशे पंधरा हा आकडा पोरासोरांच्या तोंडी झाला. मोजायच्या दिवशी शाळेची टेप मिळाली ती तुटून तुकडे झालेली, जिनिंगच्या बैलगाडीचं चाक गेलेलं तिच्यावरून. मग भिया म्हणाला, पटवाऱ्याची साखळी आणतो. त्यानं ती खांद्यावर टाकून आणली, किणकिणत, नवरदेवाच्या घोड्यासारखी. किती कौतुक वाटलं होतं तिला. आपला भाऊ आपल्यासाठी लोखंड वाहून आणतो आहे. पहिली फेक तिरपी गेली. दुसरी बरी. तिसऱ्या फेकीला तिनं डोळे टोकावर ठेवले होते, पण सुटता सुटता पायाखाली एक खडा आला, किंवा आला असं तिला नंतर वाटलं. नऊ वर्षं तो खडा तिनं पायाखाली बाळगला. खडा नसता तर. डोळा खाली गेला नसता तर. रात्री बाजरीऐवजी ज्वारीची भाकर खाल्ली असती तर. गुरुजींनी वही मिटली आणि म्हणाले, “तीन फूट कमी पडले, जमने.” भिया साखळी गोळा करत होता. त्याचं तोंड खाली होतं. “तीन फूट म्हंजे काय असते वं,” घरी जाताना तो म्हणाला, “पुढच्या साली फेकजो.”

पुढचं साल आलंच नाही. साटंलोटं आधीच ठरलं होतं, ते उरकलं. रामलालची पोर लाली भियाच्या घरात यायची, आणि त्या बदल्यात जमनी रामलालच्या घरात, त्याच्या पोराला, नेमसिंगला. एका मांडवात दोन लग्नं. हळदीच्या दिवशी बायांनी तिच्या दंडांवर चुडा चढवला, खांद्यापासून कोपरापर्यंत, हाडाचा, पांढरा, घट्ट, तेल लावून सरकवलेला. ती कोणाला न दिसेलसं हात कानाजवळ नेऊन पाहत होती. कोपर अर्ध्यावरच अडलं. याडीनं पाहिलं आणि म्हणाली, “सवय होते.” सवय झाली. नेमसिंग दिग्रसच्या जिनिंगमध्ये गठाणी बांधायचा, रुईच्या धुळीनं खोकायचा, वाईट नव्हता. पोर झालं नाही तेव्हा चौथ्या सालानंतर त्यानं दुसरी आणली, गुपचूप नाही, विचारून. जमनीनं हो म्हटलं. नाही म्हणून ती भावाच्या घरी परतली असती तर साट्याच्या रिवाजानं लालीलाही माहेरी बोलावून घेतलं असतं, दोन लेकरांसकट. म्हणून तांड्याच्या पंचायतीपुढं ती स्वतः उभी राहिली आणि म्हणाली, मले कोणी काढलं नाही, मी माह्या मर्जीनं यवतमाळले कामाले जाते. पंचांनी तंबाखू मळला आणि मान हलवली. भियाच्या घरातलं एक मडकंसुद्धा हललं नाही. त्या दिवशी भिया तिच्या पायावर डोकं ठेवायला वाकला होता, थोरला असून, आणि तिनं त्याला वरच्यावर धरलं होतं. केवढं भरून आलं होतं तिला. हाच एक आहे आपला, असं वाटलं होतं.

नोकरी गुरुजींच्या चिठ्ठीनं लागली. ते तेव्हा बदलून यवतमाळला आले होते आणि पोटाच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळले होते. जमनी संध्याकाळी त्यांच्याकडं जाऊन बसायची. एकदा ते भिंतीकडं तोंड करून म्हणाले, “तुले कमी लिहिलं ते या हातानं, बाई. दुसऱ्या एखाद्या गुरुजीनं तीन फूट वाढवून लिहिले असते. कोण पाहाले येणार होतं पुण्याहून? मले खोटं लिहिता आलं नाही.” ती म्हणाली, “तुम्ही बरोबरच लिहिलं, गुरुजी. माहाच हात कमी पडला.” या बोलण्यानं त्यांना बरं वाटलं असावं, त्यांनी पाणी मागितलं. सातव्या दिवशी गेले. आता फक्कीच्या बादलीशी उभ्या उभ्या तिला ते आठवलं आणि गुरुजींवरचा राग कुठं ठेवावा ते कळेना. खरं लिहिल्याचं दुःख करत मेलेला माणूस, आणि लिहिलेलं तर खरं नव्हतंच. ड्रॉइंग शिकवणारा माणूस तो, साखळीशी त्याचा काय संबंध? आणा किती फुटांचा हे त्याला कुठून ठाऊक असणार? मग दोन फूट हे त्याला कोणी सांगितलं?

तिथं ती थांबली. अगदी पाऊलसुद्धा थांबलं. पोरी कोपऱ्यात गोळा फेकत होत्या, धप्प, धप्प, आणि विमलताई मीटर ओरडत होत्या. साखळीवाल्या गड्याला झोपेतून उठवून विचार. दोन साल रोज, उन्हातान्हात, कोणाच्या बांधावरून, कोणाच्या हरभऱ्यातून. एक सुतळी इकडची तिकडं झाली तर दोन भाऊबंद कुऱ्हाडी काढतात, असं भिया स्वतःच सांगायचा, फुशारकीनं. तिच्या मनानं तिथून मागं वळायचा प्रयत्न केला. विसरला असेल. भ्याला असेल; गुरुजींना कसं सांगायचं. त्याचंही वय किती, वीस. लक्षातच आलं नसेल. पण ते एकेक कारण तिच्या हातात आलं तसं कुजक्या लाकडासारखं मोडत गेलं, आणि खाली जे राहिलं त्याच्याकडं पाहायची तिची हिंमत नव्हती. आज महिन्याचा शेवटचा शनिवार. दुपारच्या गाडीनं भिया यायचा होता.

तो येतोच. चार वर्षांत एक महिना चुकला नाही. दिग्रसची गाडी, खांद्यावर ज्वारीची थैली, पायलीभर, तिच्या नावाची, कधी सोबत अंबाडीची भाजी, कधी लालीनं दिलेलं लोणचं. भर पुरात पुसद रस्ता बंद होता तेव्हा तो अर्ध्या वाटेवरून चालत आला होता. शेजारच्या मैनाबाई कुणबीण तुरीची डाळ भरडता भरडता तिला चिडवायला ओव्या रचायच्या, भाऊ आला की खास.

भाऊ माझा येतो गं, धूळ उडे वाटेवर
दिवा ठेवते डोळ्यांचा, उंबऱ्याच्या काठावर

आजही तेच चाललं होतं. जमनी खोलीशी पोचली तर भिया ओट्यावर बसलेला, पागोटं मांडीवर, आणि मैनाबाई जात्याचा खुंटा न सोडता बोलत होत्या. “एवढं ओझं आणते बाप्पा हा माणूस. माहा भाऊ त भाऊबीजेलेही हात हालवत येते, अन् जातानी लाडू बांधून नेते.”

“तुमच्या भाऊले सांगजा,” भिया हसला, “की बहिणीच्या हातचं फुकटात नाही भेटत.” मग जमनीकडं पाहून, “का वं, तोंडाले चुना कायचा लागला? साहेबीण झाली अन् पावडर लावून राह्यली का?”

“फक्की हाय,” ती म्हणाली. दार उघडलं. तो आत आला, थैली नेहमीच्या कोपऱ्यात, मडक्याशेजारी ठेवली. ठेवताना हलकेच थापटली. दर वेळी थापटायचा. आज तिला ते थापटणं दिसलं. पोर झोपवल्यासारखं. काय झोपवत होता हा इतकी वर्षं? तिनं पाणी दिलं, चुलीवर भाकर टाकली. तो गोरबोलीत, तांड्याच्या बोलीत, लालीचं सांगत होता, थोरल्या पोराचे दात, बैलाचा खूर, रामलाल म्हातारा आता डोळ्यानं गेला. ती हं, हं करत होती. भाकर फुगली, तिनं ती निखाऱ्यावर उभी केली. ही थैली आता खायची कशी, हे तिला समजेना. आतापर्यंत खाल्लेल्या ज्वारीचं अंगात जे झालं होतं ते कुठं काढून टाकायचं, तेही.

“भिया, शाळेत साखळी आणली आज.”

“कायची साखळी?”

“शेताची. बाईनं टेप लावून मोजली.”

तो जेवत होता. घास मोडायचा थांबला नाही, फक्त सावकाश झाला. आणि त्यानं बोली बदलली. अवघड काही आलं की तो घरची बोली सोडून मराठीत शिरायचा, पटवाऱ्याच्या, कचेरीच्या बोलण्यात, जिथं स्वतःचं असं काही सांगावं लागत नाही. “जुन्या साखळ्या खेचून खेचून वाढते,” तो म्हणाला. “कड्या ढिल्या होते. भरवसा नसते त्यायचा.”

“किती वाढते?”

“वाढते बोट-दोन बोट.”

“फूटभर?”

बाहेर जातं घरघरत होतं. जमनी चुलीपुढं बसली होती, त्याच्याकडं पाठ करून, कारण समोरून विचारलं असतं तर त्याचं तोंड पाहून ती कदाचित थांबली असती. “किती फुटाची असते साखळी, भिया?”

“काहून विचारून राह्यली? नऊ साल झाले.”

“नऊ झाले हे तुले कसं मालूम? मी कशाचं नावही काढलं नाही अजून.”

ताटली सरकल्याचा आवाज झाला. तिला त्या दिवसाचा माळ पुन्हा दिसला, पण हाकेच्या आधीचा नाही, नंतरचा. गुरुजी वही घेऊन त्या टोकाशी गेले होते. दोघांची डोकी जवळ आली होती. गुरुजींनी काहीतरी विचारलं, भियानं एकदा मान वळवून इकडं पाहिलं, ती उभी होती तिकडं, एवढ्या लांबून त्याचा चेहरा दिसत नव्हता, आणि मग त्याचे ओठ हलले. एवढंच. तिनं हात वर करून हलवला होता त्याला तेव्हा, आनंदानं.

“गुरुजी मरतानी रडले होते,” ती म्हणाली. “त्यायले वाटे, आपण खरं लिहिलं म्हणून हिचं वाटोळं झालं. मी त्यायले सांगतलं, माहाच हात कमी पडला. नऊ साल मी माह्या हाताले शिव्या दिल्या, भिया. या हाताले.” तिनं हात पुढं केला, फक्कीनं पांढरा, आणि परत पदराखाली घेतला. “चुकले असंन गुरुजी. म्हण ना. चुकले म्हण. मी मानते तुहं, अजूनही मानते. तू म्हण, गुरुजी चुकले, मले मालूम नव्हतं. मी थैली घेईन अन् जेवीन.”

तिनं हे खरंच मनापासून म्हटलं. खोटं बोलला असता तर तिनं दोन्ही हातांनी ते घेतलं असतं, कारण तो गेला तर तिच्याकडं मागं काहीच उरत नव्हतं, मांडव नाही, तांडा नाही, गुरुजी नाही. एवढा एक माणूस तिनं आपला म्हणून शिल्लक ठेवला होता. तिनं वाट पाहिली. त्यानं पागोटं हातात घेतलं, घातलं नाही, नुसतं बोटांनी चुरत राहिला, आणि बोलला तेव्हा उंबऱ्याकडं पाहून बोलला.

“गुरुजी नाही चुकले. त्यायनं विचारलं मले, भावसिंग, आणा किती फुटाचा? मी दोन सांगतलं. मले पाऊण इंचाचंही मालूम होतं, तुहे एकशे पंधरा भरले हेही मालूम होतं, आरोळी मारायच्या आधीच हिशोब झालता माहा. रामलालनं निरोप धाडलता, पोरगी पुण्याले गेली त साटं मोडलं समजा. बाले नाही सांगतलं, कोणाले नाही सांगतलं. मले लाली पाहिजे होती, जमने.”